वैयक्तिक माहिती: कुठे द्यावी, कुठे नाकारावी, तक्रार कुठे करावी

दुकानात बिल करताना मोबाइल नंबर देणे ग्राहकावर बंधनकारक नाही. नंबरासाठी अडून बसणाऱ्या दुकानांबद्दल तक्रारी आल्यावर केंद्रीय ग्राहक व्यवहार विभागाने मे २०२३ मध्ये किरकोळ विक्रेत्यांना तशी सूचनाही दिली. तरीही काउंटरवर नंबर मागितला जातो आणि बहुतेक ग्राहक तो देतात, कारण नकार देता येतो हे त्यांना ठाऊक नसते. आधारची झेरॉक्स, अ‍ॅपच्या परवानग्या, कर्जवसुलीचे फोन, फुटलेली माहिती आणि सरकारी अर्ज यांबाबतही असाच गोंधळ होतो. वाचकांचे प्रश्न बहुधा तीन असतात: माहिती नाकारता येते का, दिलेली माहिती पुसून घेता येते का, आणि तक्रार कोणाकडे करायची. या तिन्हींची उत्तरे कायद्यात आहेत, मात्र ती वेगवेगळ्या कायद्यांत विखुरलेली आहेत आणि काही तरतुदी अजून लागू व्हायच्या आहेत.

सध्या कोणता कायदा लागू आहे?

सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींच्या घटनापीठाने २४ ऑगस्ट २०१७ रोजी पुट्टस्वामी खटल्यात खासगीपणा हा मूलभूत हक्क असल्याचा एकमताने निर्णय दिला. त्यानंतर सहा वर्षांनी संसदेने डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण अधिनियम, २०२३ संमत केला. त्याचे नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये अधिसूचित झाले. अधिसूचनेनुसार कायदा तीन टप्प्यांत लागू होतो:

- नोव्हेंबर २०२५ पासून: भारतीय डेटा संरक्षण मंडळाची स्थापना व रचना यांविषयीच्या तरतुदी आणि माहिती अधिकार कायद्यातील एक दुरुस्ती.
- नोव्हेंबर २०२६ पासून: संमती व्यवस्थापकांची नोंदणी. वेगवेगळ्या कंपन्यांना दिलेल्या संमती एकाच ठिकाणी पाहण्याची, देण्याची आणि मागे घेण्याची सोय या नोंदणीकृत संस्था करतील.
- मे २०२७ पासून: संमती, सूचना, सुरक्षा, मुलांची माहिती, नागरिकांचे हक्क आणि दंड यांविषयीच्या मुख्य तरतुदी.

मधल्या काळात ग्राहक उघड्यावर पडलेला नाही. माहिती तंत्रज्ञान अधिनियम, २००० चे कलम ४३-क आणि त्याखालचे २०११ चे नियम तोपर्यंत लागू आहेत. पासवर्ड, बँक खाते व कार्डाचा तपशील, आरोग्याची स्थिती, वैद्यकीय नोंदी, लैंगिक कल आणि बोटांचे ठसे यांसारखी बायोमेट्रिक माहिती या नियमांत संवेदनशील मानली आहे. अशी माहिती घेणाऱ्या कंपनीने गोपनीयता धोरण जाहीर करणे, संमती घेणे, ती मागे घेण्याची सोय देणे आणि तक्रार अधिकारी नेमणे आवश्यक आहे. आलेल्या तक्रारीचे निवारण एका महिन्यात झाले पाहिजे.

नव्या कायद्याची व्याप्ती यापेक्षा मोठी आहे. नाव, फोन नंबर, पत्ता, छायाचित्र, खरेदीचा इतिहास असा व्यक्ती ओळखू येईल असा कोणताही डिजिटल तपशील त्यात येतो. परदेशी कंपनी भारतातील लोकांना वस्तू किंवा सेवा देत असेल, तर तिलाही तो लागू होतो. तीन गोष्टी मात्र बाहेर राहतात: केवळ कागदावर असलेली आणि संगणकात न गेलेली नोंद, घरगुती वा खासगी कारणासाठी वापरलेली माहिती, आणि व्यक्तीने स्वतःहून सार्वजनिक केलेली माहिती.

माहिती देण्याआधी विचारायचे तीन प्रश्न

एकदा बाहेर गेलेली माहिती पूर्णपणे परत आणता येईल याची खात्री कोणताही कायदा देऊ शकत नाही. म्हणून ग्राहकाचा सर्वांत परिणामकारक हक्क माहिती देण्याआधीच वापरायचा असतो. नव्या कायद्याच्या कलम ६ नुसार संमती मुक्त, विशिष्ट, माहितीपूर्ण, विनाअट आणि निःसंदिग्ध असावी लागते, आणि ती सांगितलेल्या कामासाठी आवश्यक तेवढ्याच माहितीपुरती मर्यादित राहते. याचा व्यवहारातला अर्थ तीन प्रश्नांत सांगता येतो:

१. कशासाठी? हेतू नेमका सांगितला पाहिजे. ‘सेवा सुधारण्यासाठी’ एवढे मोघम उत्तर पुरेसे नाही.
२. एवढी कशाला? फोनवरून वैद्यकीय सल्ला देणाऱ्या अ‍ॅपला रुग्णाची प्रकृती माहीत हवी, मात्र फोनमधील संपर्कांची यादी लागत नाही. हे उदाहरण कायद्यातच दिले आहे. अशा यादीसाठी घेतलेली संमती ग्राह्य धरली जात नाही.
३. कधीपर्यंत आणि कोणाला? काम संपल्यावर माहिती पुसली जाईल का आणि ती आणखी कोणाला दिली जाते, हे कळले पाहिजे.

सूचना मराठीत मागण्याचाही हक्क आहे. संमतीसाठी दिली जाणारी सूचना इंग्रजीत किंवा राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीतील २२ भाषांपैकी कोणत्याही भाषेत वाचण्याचा पर्याय कंपनीने द्यायचा आहे. मराठी आणि कोकणी या दोन्ही भाषा त्या अनुसूचीत आहेत. नियमांनुसार ही सूचना इतर अटींमध्ये दडलेली नसावी. ती स्वतंत्रपणे वाचून समजेल अशी असावी, आणि कोणती माहिती कोणत्या कामासाठी घेतली जाते याची यादी तिच्यात असावी.

रोजच्या प्रसंगांत काय करावे?

- दुकान, मॉल: बिल छापील मागा. सवलतीच्या योजनेसाठी नंबर देणे ऐच्छिक असते. नंबराशिवाय विक्री नाकारल्यास राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५ वर तक्रार नोंदवा.
- कर्ज देणारी अ‍ॅप: रिझर्व्ह बँकेच्या डिजिटल कर्जविषयक नियमांनुसार अशा अ‍ॅपने फोनमधील फाइली, फोटो, संपर्क यादी आणि कॉलची नोंद पाहू नये. कॅमेरा, मायक्रोफोन आणि ठिकाण यांची परवानगी ग्राहकाची ओळख पटवण्यासाठी, त्याच्या स्पष्ट संमतीने, एकदाच घेता येते. संपर्क यादी मागणारे अ‍ॅप तिथेच काढून टाका. वसुलीसाठी नातेवाइकांना येणाऱ्या धमक्यांचे मूळ बहुधा याच परवानगीत असते.
- सोसायटीचे प्रवेशद्वार: पाहुण्यांची नोंद अ‍ॅपमध्ये होत असेल, तर नव्या कायद्याखाली सोसायटीही माहिती गोळा करणारी संस्था ठरते. नोंदी किती दिवस राहतील, त्या कोण पाहू शकतो आणि अ‍ॅप चालवणाऱ्या कंपनीशी झालेल्या करारात काय आहे, हे सर्वसाधारण सभेत विचारा आणि उत्तर इतिवृत्तात नोंदवून घ्या.
- दवाखाना, प्रयोगशाळा: रिपोर्ट कोणत्या नंबरावर जाईल ते स्वतः लिहून द्या. जाहिरातीच्या संदेशांना वेगळा नकार द्या.
- अ‍ॅपच्या परवानग्या: फोनच्या सेटिंगमध्ये प्रत्येक अ‍ॅपची परवानगी वेगळी दिसते. ठिकाण, मायक्रोफोन आणि संपर्क या तीन परवानग्या आधी तपासा. ‘फक्त अ‍ॅप वापरताना’ हा पर्याय बहुतेक कामांना पुरतो.

आधारबाबत घ्यायची काळजी

सप्टेंबर २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने खासगी कंपन्यांना आधार सक्तीने मागण्याची मुभा देणारा कायद्याचा भाग रद्द केला. बँक खाते आणि सिमकार्डासाठी आधार आज स्वेच्छेने देता येते. पासपोर्ट, मतदार ओळखपत्र यांसारखे अन्य पर्यायही चालतात. सरकारी अनुदान किंवा लाभ घेताना मात्र आधार कायद्याच्या कलम ७ खाली ते मागता येते.

- मास्क्ड आधार वापरा. या प्रतीत पहिले आठ अंक झाकलेले आणि शेवटचे चार दिसणारे असतात. ती आधार प्राधिकरणाच्या संकेतस्थळावरून घेता येते.
- व्हर्च्युअल आयडी तयार करा. आधार क्रमांकाऐवजी हा १६ अंकी तात्पुरता क्रमांक देता येतो. त्यावरून मूळ क्रमांक शोधता येत नाही.
- बायोमेट्रिक लॉक लावा. नोंदणीकृत दस्तांवरील अंगठ्यांवरून नकली ठसे बनवून आधारआधारित व्यवहारातून पैसे काढल्याची प्रकरणे देशात उघडकीस आली आहेत. लॉक असताना ठसा चालत नाही. रेशन दुकानात किंवा बँक प्रतिनिधीकडे ठसा द्यायचा असेल, तेव्हा लॉक थोड्या वेळापुरते उघडता येते.
- वापराचा इतिहास पाहा. आधार कुठे आणि कधी पडताळले गेले, याची मागील सहा महिन्यांची नोंद संकेतस्थळावर दिसते. अनोळखी नोंद दिसल्यास १९४७ वर कळवा.
- सिमकार्डे तपासा. आपल्या नावावर किती मोबाइल जोडण्या आहेत, हे दूरसंचार विभागाच्या संचार साथी पोर्टलवर कळते. जी आपली नाही ती तिथूनच बंद करण्याची विनंती करता येते.

कागदी झेरॉक्स द्यावीच लागली, तर तिच्यावर कोणासाठी, कोणत्या कामासाठी आणि कोणत्या तारखेला दिली हे आडवे लिहून सही करा. त्यामुळे तीच प्रत दुसऱ्या कामाला वापरणे अवघड होते.

गोपनीयता धोरणात नेमके काय वाचावे?

पूर्ण धोरण वाचणे प्रत्येक वेळी शक्य नसते. पुढील पाच मुद्दे शोधले, तरी निर्णयाला पुरेशी माहिती मिळते:

१. कोणती माहिती घेतली जाते. विशेषतः ठिकाण, संपर्क आणि आर्थिक तपशील.
२. ती ‘सहयोगी’, ‘भागीदार’ किंवा ‘समूहातील कंपन्यां’ना दिली जाते का.
३. खाते बंद केल्यावर माहिती किती काळ ठेवली जाते.
४. संमती मागे घेण्याची जागा कुठे आहे.
५. तक्रार अधिकाऱ्याचे नाव, ईमेल आणि पत्ता दिला आहे का.

दुसऱ्या मुद्द्याचे महत्त्व व्हॉट्सअ‍ॅपच्या २०२१ च्या धोरणावरून लक्षात येते. ते धोरण वापरकर्त्यांसमोर ‘मान्य करा किंवा सोडा’ अशा रीतीने ठेवले गेले आणि त्यात मेटा समूहातील कंपन्यांशी माहितीची देवाणघेवाण होती. भारतीय स्पर्धा आयोगाने नोव्हेंबर २०२४ मध्ये या वागणुकीबद्दल मेटाला २१३.१४ कोटी रुपयांचा दंड केला. समूहातील दुसऱ्या कंपनीला माहिती देणे ही किरकोळ तांत्रिक बाब नाही, हे या प्रकरणाने दाखवून दिले.

दिलेल्या माहितीवरचे हक्क

नव्या कायद्याने पुढील हक्क दिले आहेत:

- तपशील मिळवण्याचा हक्क: कंपनीकडे कोणती माहिती आहे, तिचे काय केले जाते आणि ती कोणाला दिली आहे, हे विचारता येते.
- दुरुस्तीचा आणि पुसण्याचा हक्क: चूक सुधारून घेता येते; काम संपल्यावर माहिती पुसायला सांगता येते.
- संमती मागे घेण्याचा हक्क: संमती देणे जितके सोपे होते तितकेच ती मागे घेणे सोपे असले पाहिजे. एका टिचकीत घेतलेल्या संमतीसाठी दहा पानांचा अर्ज मागता येणार नाही.
- तक्रार निवारणाचा हक्क: कंपनीने तक्रारीचा निकाल जास्तीत जास्त ९० दिवसांत लावायचा आहे.
- नामनिर्देशनाचा हक्क: मृत्यू झाल्यास किंवा अक्षमता आल्यास हे हक्क कोणी वापरावेत, त्या व्यक्तीचे नाव आधीच देता येते. ज्येष्ठ नागरिकांनी याचा लाभ अवश्य घ्यावा.

हे हक्क अमर्याद नाहीत. दुसऱ्या कायद्याने जी नोंद ठेवायला सांगितली आहे ती पुसता येत नाही. बँकेने ग्राहकाच्या ओळखीची कागदपत्रे खाते बंद झाल्यावरही पाच वर्षे ठेवायची असतात. संमती मागे घेतल्याने सेवा थांबली, तर तो परिणाम ग्राहकाला स्वीकारावा लागतो. २ कोटींहून अधिक नोंदणीकृत वापरकर्ते असलेल्या ऑनलाइन विक्री आणि समाजमाध्यम कंपन्यांसाठी, तसेच ५० लाखांहून अधिक वापरकर्ते असलेल्या ऑनलाइन खेळांसाठी वेगळी मुदत आहे. तीन वर्षे खाते वापरले नाही, तर त्यांनी माहिती पुसायची आहे आणि तसे करण्यापूर्वी किमान ४८ तास आधी कळवायचे आहे.

मागणी नेहमी लेखी करा. फोनवरच्या संभाषणाचा पुरावा राहत नाही. अर्ज पुढीलप्रमाणे लिहिता येईल:

*प्रति, तक्रार निवारण अधिकारी.*
*विषय: वैयक्तिक माहितीचा तपशील मिळण्याबाबत आणि संमती मागे घेण्याबाबत.*
*मी आपल्या सेवेचा ग्राहक असून माझे खाते अमुक नोंदणीकृत मोबाइल क्रमांकाशी जोडलेले आहे. कृपया १) माझी कोणती माहिती आपल्याकडे आहे, २) ती कोणत्या कारणासाठी वापरली जाते, ३) ती कोणत्या संस्थांना दिली आहे, हे कळवावे. जाहिरात व विपणनासाठी दिलेली संमती मी आज मागे घेत आहे. सेवेसाठी किंवा कायद्यासाठी आवश्यक नसलेली माहिती पुसून तसे लेखी कळवावे. या अर्जाचा तक्रार क्रमांक द्यावा.*

अर्जासोबत आधारची पूर्ण प्रत जोडू नका. नोंदणीकृत ईमेलवरून अर्ज पाठवला, तर ओळख पटवायला तो बहुधा पुरतो. पाठवलेली तारीख, तक्रार क्रमांक आणि स्क्रीनशॉट जपून ठेवा.

पतनोंदीतील चूक

कर्ज नाकारले जाण्यामागे कधी कधी पतनोंदीतील चूक असते: फेडलेले कर्ज थकीत दिसते, किंवा दुसऱ्याचे कर्ज आपल्या नावावर दिसते. सिबिल, एक्स्पीरियन, इक्विफॅक्स आणि क्रिफ हाय मार्क या चार कंपन्यांकडून वर्षातून एकदा पूर्ण अहवाल मोफत मिळतो. चूक आढळल्यास बँक आणि पतमाहिती कंपनी या दोघांना लेखी कळवा. ३० दिवसांत तक्रारीचे निवारण झाले नाही, तर पुढील प्रत्येक दिवसाला १०० रुपये भरपाई देण्याचा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. माहिती चुकीची ठेवल्याबद्दल ग्राहकाच्या हाती थेट पैसे देणाऱ्या मोजक्या तरतुदींपैकी ही एक आहे.

मुलांची माहिती

नव्या कायद्यात १८ वर्षांखालील प्रत्येक व्यक्ती बालक आहे. तिची माहिती वापरण्यापूर्वी आई, वडील किंवा पालक यांची पडताळता येईल अशी संमती लागते. मुलांच्या हालचालींचा माग काढणे, वागणुकीवर पाळत ठेवणे आणि त्यांना लक्ष्य करून जाहिराती दाखवणे यांना मनाई आहे. शाळा आणि दवाखाने यांना त्यांच्या कामापुरत्या काही सवलती दिल्या आहेत. पालकांनी शाळेला दोन गोष्टी लेखी विचाराव्यात: शाळेच्या अ‍ॅपमधील माहिती बाहेरच्या कंपनीकडे राहते का, आणि मुलांचे फोटो समाजमाध्यमांवर टाकण्यासाठी वेगळी संमती घेतली जाते का.

माहिती फुटल्याचे कळल्यास

मे २०२७ पासून कंपनीला प्रत्येक बाधित व्यक्तीला विलंब न करता कळवावे लागेल: काय घडले, त्याचे परिणाम काय, कंपनीने कोणती पावले उचलली आणि ग्राहकाने काय करावे. मंडळालाही तातडीने कळवून ७२ तासांत सविस्तर माहिती द्यायची आहे. ग्राहकाने मात्र सूचनेची वाट न पाहता या क्रमाने हालचाल करावी:

१. त्या खात्याचा पासवर्ड बदला. तोच पासवर्ड आणखी कुठे वापरला असेल, तर तिथेही बदला.
२. कार्डाचा तपशील गेला असेल, तर कार्ड बंद करून नवे मागा.
३. पैसे गेले असतील, तर लगेच १९३० वर फोन करा आणि राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर तक्रार नोंदवा. पहिल्या काही तासांत रक्कम गोठवली जाण्याची शक्यता सर्वाधिक असते.
४. बँकेला लेखी कळवा. रिझर्व्ह बँकेच्या २०१७ च्या परिपत्रकानुसार दोष बँकेचाही नाही आणि ग्राहकाचाही नाही, अशा व्यवहाराची खबर तीन कामकाजी दिवसांत दिल्यास ग्राहकावर बोजा येत नाही. ग्राहकाने स्वतः ओटीपी दिला असेल, तर खबर देईपर्यंतचे नुकसान त्याचे आणि नंतरचे बँकेचे.
५. पुढील काही महिने पतनोंद आणि आपल्या नावावरील सिमकार्डे तपासत राहा.

फुटलेल्या माहितीच्या आधारे ‘आम्ही बँकेतून बोलतो’ असे फोन येतात आणि समोरच्याला नाव, पत्ता, कार्डाचे शेवटचे अंकही ठाऊक असतात. एवढ्यावरून तो बँकेचा माणूस ठरत नाही. फोन बंद करून कार्डामागे छापलेल्या नंबरावर स्वतः फोन करा.

तक्रार कोणाकडे करावी?

- कंपनीचा तक्रार अधिकारी: पहिली पायरी नेहमी हीच. नव्या कायद्यातही मंडळाकडे जाण्यापूर्वी ती ओलांडावी लागते.
- न्यायनिर्णय अधिकारी: कलम ४३-क खाली भरपाईसाठी. राज्याचे माहिती तंत्रज्ञान सचिव हे काम पाहतात आणि ५ कोटी रुपयांपर्यंतचे दावे त्यांच्याकडे चालतात. कंपनीने वाजवी सुरक्षा राखली नाही आणि त्यामुळे नुकसान झाले, हे दाखवावे लागते.
- ग्राहक आयोग: ग्राहकाने विश्वासाने दिलेली वैयक्तिक माहिती कायद्याचा आधार नसताना दुसऱ्याला देणे, ही ग्राहक संरक्षण अधिनियम, २०१९ नुसार अनुचित व्यापारी प्रथा आहे. ५० लाख रुपयांपर्यंत मोबदला दिलेल्या प्रकरणांत जिल्हा आयोगाकडे जाता येते. ५ लाखांपर्यंत शुल्क नाही, आणि वकील लावण्याची सक्तीही नाही.
- रिझर्व्ह बँकेचा लोकपाल: बँक किंवा वित्त कंपनीने ३० दिवसांत उत्तर दिले नाही किंवा समाधान केले नाही, तर.
- १९०९: नको असलेल्या जाहिरातींचे फोन आणि संदेश यांसाठी.
- पोलिसांचा सायबर विभाग: फसवणूक, धमकी, फोटोंचा गैरवापर यांसाठी. कराराचा भंग करून, नुकसान करण्याच्या हेतूने माहिती उघड करणे हा माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ७२-क खाली गुन्हा असून त्याला तीन वर्षांपर्यंत कारावास आहे.
- डेटा संरक्षण मंडळ: नव्या कायद्याच्या मुख्य तरतुदी लागू झाल्यावर. तक्रार आणि सुनावणी ऑनलाइन होईल. मंडळाच्या आदेशाविरुद्ध ६० दिवसांत दूरसंचार तंटा निवारण व अपील न्यायाधिकरणाकडे अपील करता येईल.

दंड मोठा, भरपाई मात्र नाही

सुरक्षेत कसूर करणाऱ्या कंपनीला नव्या कायद्याखाली २५० कोटी रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. माहिती फुटल्याचे न कळवणे किंवा मुलांविषयीच्या तरतुदी मोडणे यासाठी २०० कोटींपर्यंत दंड आहे. ही सगळी रक्कम भारताच्या संचित निधीत जमा होते. ज्याची माहिती फुटली त्याला त्यातून काही मिळत नाही. शिवाय मुख्य तरतुदी लागू होताच कलम ४३-क वगळले जाणार आहे, म्हणजे भरपाईचा तो मार्ग बंद होईल. दिवाणी न्यायालयांनाही मंडळाच्या अखत्यारीतील बाबींत दावा ऐकता येणार नाही.

नव्या कायद्यातली ही सर्वांत मोठी उणीव आहे. म्हणून आज प्रत्यक्ष नुकसान झाले असेल, तर नव्या मंडळाची वाट पाहत बसू नका. कलम ४३-क खालचा दावा, ग्राहक आयोग आणि बँकेच्या लोकपालाचा मार्ग वेळेत वापरा.

नागरिकांवरही काही कर्तव्ये आहेत. खोटी किंवा उथळ तक्रार करणे, दुसऱ्याच्या नावाने वावरणे किंवा ओळखपत्रासाठी महत्त्वाची माहिती दडवणे यासाठी १०,००० रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. खऱ्या तक्रारदाराने याला घाबरू नये. पुरावा नीट लावलेली तक्रार उथळ ठरत नाही.

सरकारकडे असलेली माहिती

सरकारशी व्यवहार करताना नागरिकाची बाजू अधिक दुबळी आहे, आणि हे आधीच माहीत असलेले बरे.

- लाभ, दाखले, परवाने: अनुदान, शिष्यवृत्ती, दाखला, परवाना देण्यासाठी सरकार वेगळ्या संमतीशिवाय माहिती वापरू शकते. अचूकता, सुरक्षा आणि हेतूची मर्यादा यांचे निकष मात्र त्यालाही पाळायचे आहेत. तपशील मागण्याचा आणि पुसण्याचा हक्क मुख्यतः संमतीने दिलेल्या माहितीपुरता आहे. नावातील किंवा जन्मतारखेतील चूक त्या त्या खात्याच्या पद्धतीने लगेच दुरुस्त करून घ्या.
- सूट: देशाचे सार्वभौमत्व, सुरक्षा, सार्वजनिक सुव्यवस्था यांसारख्या कारणांसाठी केंद्र सरकार एखाद्या शासकीय संस्थेला अधिसूचना काढून या कायद्यातून पूर्ण वगळू शकते. कंपन्यांकडून माहिती मागवण्याचा अधिकारही केंद्राला आहे. मंडळाचे अध्यक्ष आणि सदस्य केंद्रच नेमते. त्यामुळे सरकारविरुद्धच्या तक्रारीत मंडळ किती स्वतंत्रपणे वागते, याकडे नागरिकांनी लक्ष ठेवले पाहिजे.
- फोनवरील पाळत: यासाठी केंद्र किंवा राज्याच्या गृह सचिवांचा लेखी आदेश लागतो आणि आढावा समितीने तो तपासायचा असतो. नागरिकाला मात्र कळवले जात नाही. बेकायदा पाळत उघड झाल्यास उच्च न्यायालयात रिट याचिका हा मार्ग आहे. ऑक्टोबर २०१९ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने मुंबईतील एका व्यावसायिकाचे फोन ऐकण्याचे आदेश रद्द केले आणि ध्वनिमुद्रणे नष्ट करण्यास सांगितले. सार्वजनिक सुरक्षा किंवा आणीबाणीची कायदेशीर अट पूर्ण झालेली नव्हती.
- माहिती अधिकार: माहिती अधिकार कायद्याच्या कलम ८(१)(ञ) मध्ये आता वैयक्तिक माहितीला सरसकट सूट आहे, पूर्वी त्याच कलमात असलेली व्यापक जनहिताची अट गेली आहे. अधिकाऱ्यांची मालमत्ता, लाभार्थ्यांच्या याद्या किंवा नेमणुकांविषयी अर्ज करताना कलम ८(२) चा आधार घ्या. माहिती उघड करण्यातले जनहित हानीपेक्षा मोठे असेल, तर ती देता येते, असे ते कलम सांगते. जनहित कोणते, ते अर्जातच दोन ओळींत लिहा.

परदेशात राहणाऱ्यांसाठी

हक्क बहुधा व्यक्ती जिथे राहते तिथल्या कायद्यावर अवलंबून असतात. युरोपीय संघात आणि ब्रिटनमध्ये माहितीचा तपशील मागितल्यास कंपनीने साधारणपणे एका महिन्यात, विनाशुल्क उत्तर द्यायचे असते. कॅलिफोर्नियात ही मुदत ४५ दिवसांची आहे. भारतातील बँक, विमा कंपनी किंवा सोसायटी यांच्याकडे असलेल्या माहितीसाठी मात्र भारतीय कायद्याखालीच अर्ज करावा लागतो.

मे २०२७ पूर्वी करून ठेवायची कामे

- न वापरलेली खाती आणि अ‍ॅप बंद करा. केवळ फोनमधून अ‍ॅप काढल्याने कंपनीकडचे खाते बंद होत नाही. खाते पुसण्याचा पर्याय वेगळा निवडावा लागतो.
- जाहिरातीसाठी दिलेल्या संमती मागे घ्या.
- नव्या तरतुदी लागू झाल्यावर, पूर्वी घेतलेल्या माहितीबद्दलही कंपन्यांना सूचना पाठवाव्या लागतील, आणि संमती मागे घेईपर्यंत त्या माहिती वापरू शकतील. म्हणून त्या सूचना न वाचता पुढे जाऊ नका. अशा सूचनेच्या नावाखाली बनावट दुवेही येऊ शकतात. संदेशातील दुव्यावर न जाता कंपनीच्या अ‍ॅपमध्ये किंवा संकेतस्थळावर स्वतः जाऊन निर्णय घ्या.
- वृद्ध आईवडिलांच्या फोनमधील परवानग्या, आधारचे लॉक आणि बँकेतील नोंदणीकृत नंबर एकदा त्यांच्यासोबत बसून तपासा.
- सर्व लेखी अर्ज, उत्तरे आणि तक्रार क्रमांक एका फाइलमध्ये तारखेनुसार लावून ठेवा. आयोगापुढे, लोकपालापुढे आणि पुढे मंडळापुढेही तक्रार टिकवण्यासाठी हाच पुरावा लागतो.